दोन गाठी की तीन

मरगदमने उंबऱ्यापुढच्या कोलमचा शेवटचा वळसा पूर्ण केला, कंबर सरळ केली, आणि मागून कुणीतरी "अय्यो" म्हणालं. इतकं कळवळून म्हणालं, की तिच्या हातातली तांदळाच्या पिठाची वाटीच निसटली.

वळून बघते तर सिनेमा कंपनीतला तो काटकुळा तरुण. एका पायात चप्पल, दुसरी मागे रस्त्यात पडलेली. छातीशी एक वही घट्ट धरलेली. नजर तिच्याकडे नव्हतीच, जमिनीकडे होती. दारात साप निघावा तसा तो त्या रांगोळीकडे बघत होता.

"अम्मिणी…" तो म्हणाला. आमच्याकडे तरुण मुलीला आदराने अशीच हाक मारतात. "हा मोर कुठून आला?"

"माझ्या हातातून."

"पण काल इथे कमळ होतं."

"काल होतं. आज मोर आहे. उद्या आणखी काही असेल. रोज तेच काढायला मी काय आळशी आहे?"

"तसं नाही हो… पण आमच्या सिनेमात अजून कालच चालू आहे," तो रडकुंडीला येऊन म्हणाला. "काल हिरो कमळ ओलांडून आत गेला. आज बाहेर येणार. आत फक्त पाणी प्यायला गेलाय तो. दोन मिनिटांत दारात मोर कसा उगवेल?"

"मग त्याला मागच्या दाराने काढा," मरगदम म्हणाली आणि हसू लपवायला वाटी उचलायला वाकली.

त्याने वही उघडून तिच्यापुढे धरली आणि तिचं हसू जागच्या जागी विरलं. पानावर तिचं कालचं कमळ होतं. ठिपक्याला ठिपका, वळशाला वळसा. डाव्या पाकळीपाशी तिचा हात जरा चुकला होता, ती चूकसुद्धा होती. वीस वर्षांची झाली होती मरगदम. दहाव्या वर्षापासून रोज पहाटे कोलम काढत होती. अप्पा ते तुडवून शेतावर जायचे, कोंबड्या टिपून खायच्या, आणि अम्मा फक्त पीठ जास्त लागलं का तेवढं बघायची. आपण काढलेलं कुणी इतकं नीट बघितलं असेल, हे तिच्या स्वप्नातही आलं नव्हतं.

तिने न बोलता मोर पुसला. कमळ काढलं, चुकीसकट. तो शेजारी वाटी धरून उभा राहिला.

त्याचं नाव इळंगो.

साल अठ्ठ्याहत्तर. त्याआधी तमिळ सिनेमातलं गाव मद्रासला राहायचं. पुठ्ठ्याची झोपडी, रंगवलेला डोंगर, आणि विहिरीत बादलीने ओतलेलं पाणी. मग आदल्या वर्षी कुणीतरी कॅमेरा उचलून थेट खऱ्या गावात नेला, लोक त्या सिनेमावर तुटून पडले, आणि बघता बघता मद्रासचे दिग्दर्शक चिखल तुडवत गावं शोधू लागले. आमच्या गोबी तालुक्यात कालवा आहे, भात आहे, हळद आहे. त्या साली आमच्या पाळयम गावात पाहुण्यांपेक्षा कॅमेरे जास्त आले. शेरडांना हिंडवायलाही कुणी मोकळं नव्हतं, सगळं गाव गर्दीत उभं राहायला.

मरगदमच्या वडिलांनी, चेन्नियप्पा गौंडरांनी, घर द्यायला आधी तीनदा नकार दिला होता. मग दिग्दर्शक म्हणाला की असा कोरीव दरवाजा मद्रासमध्ये करून मिळत नाही. चौथ्यांदा गौंडर काही बोलले नाहीत. घर मिळालं.

त्या घरात इळंगोचं काम होतं लक्षात ठेवण्याचं. कालच्या दृश्यात हिरॉइनच्या हातात किती बांगड्या होत्या, वेणीत अबोली उजवीकडे होती की डावीकडे, तांब्या पालथा होता की सुलटा, हे सगळं वहीत. गौंडरांनी पहिल्याच दिवशी त्याला बोलावून गाव आणि कुळ विचारलं. तो धारापुरमकडचा, आपल्यातलाच, आणि कुळही सोयरिकीला चालणारं. "घर तर चांगलं दिसतंय," गौंडर हळहळून म्हणाले, "मग असं कसं झालं?" इळंगोचे स्वतःचे वडीलही हेच विचारत असत. पाच वर्षांपूर्वी तो सिनेमासाठी घरातून निघाला, तेव्हापासून त्यांनी विचारणंही बंद केलं होतं.

मरगदमचं लग्न मात्र ती पाळण्यात असतानाच ठरलं होतं, वेलप्पन मामाच्या मुलाशी. आमच्याकडे पहिला हक्क मामाच्या मुलाचा. मामाची तांदळाची गिरणी होती. मुलगा वाईट नव्हता. खरं सांगायचं तर तो कसाच नव्हता. वीस वर्षांत तो मरगदमशी एकूण चार वाक्यं बोलला होता, त्यातली दोन पंपाच्या मोटारीबद्दल. पोंगल झाला की तै महिन्यात लग्न. त्यात विचारण्यासारखं काही आहे, हे कुणाला सुचलंच नव्हतं. मरगदमलाही नाही.

आणि मग हा माणूस रोज सकाळी वही घेऊन दारात.

सिनेमाने तिला एकामागून एक धक्के दिले. सगळ्यात मोठा धक्का हिरॉइनचा. ती मुंबईची, गोरीपान, तमिळचं अक्षर कळत नव्हतं. आई गेल्याचं दृश्य होतं. ती खांबाला धरून कोसळली, डोळ्यांतून घळाघळा पाणी, ओठ थरथरताहेत, आणि तोंडाने म्हणतेय, "एक… दोन… तीन, चार… पाच, पाच, पाच!" अख्खं गाव आ वासून बघत राहिलं. म्हाताऱ्या चेल्लात्ताने तर गालावर हात मारून घेतला.

इळंगोने मग मरगदमला समजावलं, की आवाज नंतर मद्रासला दुसरीच कुणी देते. इथे फक्त ओठ हलले पाहिजेत आणि चेहरा बोलला पाहिजे.

"म्हणजे आकड्यांत काहीही बोलता येतं?" तिने विचारलं.

"काहीही."

मरगदमने कमरेवर हात ठेवले, भुवया चढवल्या आणि त्याच्यावर डाफरली, "सतरा, अठरा! एकोणीस?"

"पाय न धुता आत कसे आलात," इळंगो म्हणाला आणि निमूट चार पायऱ्या खाली उतरला.

ती तोंडावर पदर धरून हसली. तो पाय धुऊन वर आला. एक क्षण तिच्याकडे बघत राहिला, आणि अगदी हळू, जवळजवळ ऐकूच येऊ नये असं म्हणाला, "सात… आठ…"

"हे काय होतं?"

"ओळखा."

"मला नाही ओळखता येत," ती म्हणाली. कानाच्या पाळ्या तापल्या होत्या तिच्या. मग दिवसभर दळताना, कांडताना, म्हशीला पेंड घालताना ती स्वतःशीच सात आणि आठ म्हणत होती आणि आपण हे काय करतोय म्हणून दचकत होती. पोरगी काही वेडी नव्हती. ओळखता न येण्यासारखं त्यात काही नव्हतंच.

विसाव्या दिवशी लग्नाचं दृश्य होतं.

आमच्या जातीत लग्न भटजी लावत नाही, अरुमैक्कारर लावतो. गावातला जुना, संसार पूर्ण केलेला, शब्दाला जपणारा माणूस. आमच्या गावचे अरुमैक्कारर नाचिमुत्तु अप्पारु. वय अठ्ठ्याहत्तर, डाव्या डोळ्यात मोतीबिंदू, आणि हाताखालून चारशेच्या वर लग्नं गेलेली. दिग्दर्शकाला सगळं खरंखुरं हवं होतं, म्हणून त्याने वेषभूषेतला नट आणण्याऐवजी त्यांनाच गाठलं. हा खेळ आहे, खरं लग्न नाही, हे त्यांना नीट समजावून सांगितलं. अप्पारुंनी शांतपणे ऐकून घेतलं. "तुम्ही तुमचं करा," ते म्हणाले, "मी माझं करतो." यात काही धोका आहे हे मद्रासच्या एकाही शहाण्याच्या लक्षात आलं नाही.

त्यात हिरॉइनला ऊन लागून ताप चढला. ती गोबीच्या लॉजवर पडून होती. मांडव घातलेला, केळीचे खांब रोवलेले, दोनशे माणसं नटून बसलेली. दिग्दर्शकाने डोक्याला हात लावला. मग त्याला युक्ती सुचली. चेहरा नकोच, फक्त मान घेऊ. पाठमोरी वधू, आणि मानेवर गाठ मारणारे हात. हिरोचे हातही मिळेनात, कारण त्याच्या आईने ज्योतिषाला विचारून त्याला मंगळसूत्र बांधायची मनाई केली होती. तेव्हा हात इळंगोचे. आणि मान? मान मरगदमची, कारण तिची मान लांब होती आणि ती समोरच उभी होती.

गौंडर कुरकुरले. पण तोंड दिसणार नाही, असं दिग्दर्शकाने देवाशपथ सांगितलं, आणि दोनशे माणसं खोळंबली होती. वेलप्पन मामालाही पहिल्या रांगेत खुर्ची मिळाली होती. तोही काही बोलला नाही.

"दोनच गाठी," मॅनेजरने इळंगोला बजावलं. सिनेमावाल्यांचा हा जुना रिवाज. पडद्यावर लग्न लावताना तिसरी गाठ मारायची नाही. तीन गाठी पडल्या की ते लग्न देवाच्या वहीत जातं. दुसऱ्या गाठीला दिग्दर्शक "कट" म्हणणार होता.

अप्पारु अंघोळ करून, सकाळपासून उपाशी राहून आले होते. कंपनीच्या पेटीतलं पितळी मंगळसूत्र त्यांनी बोटाने बाजूला सारलं. ते खेळणं होतं. कनवटीचा हळदीत भिजवलेला ओला दोरा काढला, त्याला हळकुंड बांधलं. आमच्याकडे हळकुंड सोन्याहून कमी नाही. मग नाभिकाने, आमच्याकडे तो मान त्याचाच, लग्नाचं आशीर्वादाचं गाणं सुरू केलं, ते लांबलचक, जुनं, आजीच्या आजीच्या लग्नात म्हटलेलं. आणि मांडवातलं काहीतरी बदललं. हसणारे हसायचे थांबले. बायकांनी डोक्यावरून पदर घेतले. दिग्दर्शक कॅमेऱ्याच्या बाजूला उभा होता, त्याचंही तोंड उघडंच राहिलं. कॅमेरा घरघरत होता.

मरगदमच्या छातीवर हळकुंड टेकलं, गार, ओलं. मानेमागे इळंगोची बोटं. पहिली गाठ. ती बोटं थरथरत होती. दुसरी गाठ.

बोटं थांबली. "कट" आलंच नाही.

"तिसरी," अप्पारु म्हणाले.

इळंगो किंचित पुढे झुकला. त्याचा श्वास तिच्या कानाशी आला. "थांबू?" त्याने विचारलं.

आणि मरगदमने स्वतःच्याच कानांनी स्वतःचा आवाज ऐकला, "बांधा."

बायकांनी जिभा हलवून मंगल गजर केला. अक्षता पडल्या. दिग्दर्शक भानावर येऊन ओरडला, "कट!" कॅमेऱ्यावरचा माणूस म्हणाला की फिल्म केव्हाच संपली, कुठे संपली ते सांगता येत नाही. पण त्याच्याकडे कुणाचं लक्ष नव्हतं, कारण मरगदमची आई पावायी मांडवाच्या मधोमध छातीवर हात ठेवून उभी होती. तिला खेळ दिसलाच नव्हता. तिला अरुमैक्काररच्या हातचा दोरा आपल्या लेकीच्या गळ्यात दिसला होता.

"किती गाठी मारल्या?" तिने विचारलं.

इळंगोने मरगदमकडे पाहिलं. मरगदमने जमिनीकडे पाहिलं. आपण काय बोलून बसलो, याचाच धक्का अजून ओसरला नव्हता.

"तीन," अप्पारु म्हणाले.

वेलप्पन मामा खुर्चीवरून ताडकन उठला. आंधळ्याच्या शब्दावर तो भाचीला सोडणार नव्हता. या म्हाताऱ्याला स्वतःच्या गोठ्यातली म्हैस ओळखू येत नाही, हा गाठी काय मोजणार, असं तो भर मांडवात बोलला. बायकांनी मरगदमची मान तपासली. पण दोरा ओला होता, गाठीवर गाठ बसून तिचा एकच गोळा झाला होता. चेल्लात्ता म्हणाली दोन, तिची जाऊ म्हणाली तीन, आणि दोघींची तिथेच जुंपली. दोरा काढावा, तर तीन असतील तर? सवाष्णीच्या गळ्यातला दोरा काढायचा म्हणजे काय, ते बोलायची सोय नव्हती. कुणाचा हात पुढे झाला नाही.

शेवटी तोडगा गौंडरांनीच काढला. कॅमेऱ्याने पाहिलंय ना? मग कॅमेरा सांगेल. फिल्म मद्रासला धुवायला पाठवा, परत आणा आणि गावाला दाखवा. दोन निघाल्या तर दोरा उतरवून तै महिन्यात मामाच्या घरी लग्न. तीन निघाल्या तर… तर काय, हे गौंडर बोलले नाहीत. अप्पारु तेवढं बोलले. "दोन निघाल्या तर माझे डोळे गेले म्हणायचे. पुन्हा कुणाच्या लग्नाला हात लावणार नाही."

फिल्म मद्रासला न्यायची होती इळंगोनेच. जाण्याआधी तो घरातून वापरायला घेतलेली भांडी परत करायला आला. गौंडर ओसरीवर पाठ फिरवून बसले होते, पावायी आत चुलीशी, कान बाहेर. मरगदम भांडी घ्यायला माजघराच्या दारात उभी राहिली. गळ्यात तो पिवळा दोरा. धड कुमारिका नाही, धड सवाष्ण नाही. दोन दिवस तिला देवापाशी दिवाही लावू दिला नव्हता.

"समया दोन," इळंगो मोठ्याने म्हणाला, आणि मग हळू, "जेवलात का?"

"मिळाल्या," ती मोठ्याने म्हणाली. "…नाही."

"पितळी घंगाळ एक." त्याने ते खाली ठेवलं. "त्या दिवशी तुम्ही बांधा म्हणालात… ते सिनेमासाठी—की…"

"तुम्हाला काय वाटलं?"

"मला वाटून काय होतंय? माझं काम जे दिसलं ते लिहायचं."

"मग काय लिहिलंत?"

"पान कोरं आहे. तांबे चार."

"तीनच आहेत," मरगदम म्हणाली. आत चुलीशी काहीतरी आपटलं, दोघंही दचकली. चौथा तांब्या त्याच्या काखेत होता. त्याने तो काढून दिला. देताना बोटाला बोट लागलं.

"फिल्मवर काय आलंय मला माहीत नाही," तो म्हणाला. "पण जे झालं ते तुम्हाला माहीत आहे आणि मला. मी सांगणार नाही. मी सांगितलं तर मी तुम्हाला बांधून घातल्यासारखं होईल. तुम्हाला त्या घरी जायचं असेल तर… माझ्याकडून अडथळा नाही. माझं काय आहे, अम्मिणी? मद्रासला एक खोली, त्यात चौघं राहतो."

तिला त्याचा भयंकर राग आला. त्याने हट्ट केला असता, नशिबाला बोल लावला असता, तर सोपं गेलं असतं. हा माणूस सगळं तिच्या पदरात टाकून समया मोजत होता.

"बाकी भांडी राहिलीत," ती मोठ्याने म्हणाली आणि आत निघून गेली.

बारा दिवस गेले. बारा दिवसांत मरगदमने आयुष्यात पहिल्यांदा स्वतःला विचारलं, की तुला काय हवंय. उत्तर पहिल्या दिवशीच मिळालं होतं. उरलेले अकरा दिवस ते कुणाला सांगायची छाती होत नाही म्हणून गेले. अप्पा पंचांत बसणारा माणूस. मामाला दिलेला शब्द वीस वर्षांचा. आणि ती म्हणणार काय, की भर मांडवात, दोनशे माणसांसमोर, परक्या पुरुषाला मी बांधा म्हटलं?

तेराव्या दिवशी सकाळी दहा वाजता गावाच्या वेशीवरच्या तंबू टॉकीजमध्ये सगळं गाव जमलं. कनाती खाली सोडून अंधार केला होता. वाळूवर एका बाजूला बाप्ये, एका बाजूला बायका. मामा अख्खं कुटुंब घेऊन आला होता. नवरामुलगा नवा शर्ट घालून बसला होता आणि पंख्याच्या मोटारीकडे बघत होता. अप्पारु अगदी पुढे, पडद्यापासून चार हातांवर. इळंगो यंत्राच्या खोलीच्या दाराशी उभा होता. बारा दिवसांत तो आणखी वाळला होता. तिच्याकडे त्याने एकदाच पाहिलं, आणि मग पाहिलं नाही.

यंत्र घरघरलं. आवाज नव्हता, नुसतं चित्र. आणि पडद्यावर मरगदमची मान आली, दोन पुरुष उंच.

मरगदमला भूमी पोटात घेईल तर बरं असं झालं. मानेवरची लव दिसत होती, घामाचा थेंब दिसत होता. मग ती बोटं आली, एवढी मोठाली, आणि त्यांचा कंप लपवायला कुठे जागाच नव्हती. इतकी थरथरणारी बोटं नटाची नसतात, हे शेंबड्या पोरालाही कळलं असतं. बायकांत कुणीतरी "आत्ता गं बया" असं पुटपुटलं.

पहिली गाठ. दुसरी गाठ. बोटं थांबली. पडद्याच्या कडेला त्याची हनुवटी झुकताना दिसली… आणि पडदा पांढरा झाला.

फिल्म तिथेच संपली होती.

मामा उठून उभा राहिला. "दोन," तो म्हणाला. "सगळ्यांनी पाहिलं. दोन." त्याने इळंगोकडे बोट दाखवलं. "आता तूच सांग पोरा, देवाला स्मरून. पुढे मारलीस की नाही?"

इळंगोचा चेहरा पांढराफटक पडला.

"दोनच," तो म्हणाला.

तंबूभर सुटकेचा निःश्वास गेला. गौंडरांनी डोळे मिटले. अप्पारुंनी खांद्यावरचा पंचा काढला, त्याची घडी घातली आणि वाळूवर ठेवली. चारशे लग्नं लावलेला माणूस त्या घडीकडे बघत बसला. आणि पावायीने, इतके दिवस जीव टांगणीला लागलेल्या त्या माउलीने, घाईघाईने लेकीच्या मानेकडे हात नेला. दोरा वर उचललाही.

मरगदमने आईचं मनगट धरलं.

"नको, अम्मा. तीन आहेत."

आवाज मोठा नव्हता, पण तंबूत दुसरा आवाजच नव्हता. बाप्यांच्या बाजूची दीडशे डोकी एकदम वळली. मरगदम उभी राहिली. तिने तंबूचा खांब धरला.

"ते खोटं बोलताहेत. माझ्यासाठी बोलताहेत. तिसरी मारू नये म्हणून ते थांबले होते. मला विचारलं त्यांनी, थांबू का. मी म्हटलं, बांधा." ती थांबली, धापा टाकत. "अप्पारुंचे डोळे चांगले आहेत."

चेल्लात्ता मटकन बसली. ती आधीच बसलेली होती, तरी पुन्हा बसली. गौंडर सावकाश उठले. त्यांना लेकीकडे बघायला वेळ लागला.

"सिनेमासाठी म्हणालीस?" त्यांनी विचारलं. हा प्रश्न म्हणजे बापाने उघडं ठेवलेलं दार होतं. हो म्हटलं असतं तर सगळं मिटलं असतं, आणि कुणी तिला बोलही लावला नसता.

"नाही, अप्पा," मरगदम म्हणाली.

गौंडर वाळूतून चालत मेहुण्याकडे गेले, आणि जे गावाने कधी पाहिलं नव्हतं ते केलं: वेलप्पनपुढे हात जोडले. माझा शब्द माझ्याच घरात मोडला, असं काहीसं ते म्हणाले. मामा ऐकून न घेता कुटुंब गोळा करून कनात उचलून निघून गेला. नवरामुलगा जाताना दारात थबकला, मरगदमकडे पाहिलं, आणि पाचवं वाक्य बोलला. "बरं झालं बोललीस," तो म्हणाला. त्याच्या चेहऱ्यावर सुटल्याचं समाधान होतं. त्या सकाळचा हा आणखी एक धक्का.

गौंडर तिथून पुढच्या रांगेत आले, वाळूवरचा पंचा उचलून झटकला आणि अप्पारुंच्या खांद्यावर परत ठेवला. म्हातारा रडत होता. मग ते यंत्राच्या खोलीकडे वळले. आता तोंडात बसणार, म्हणून सगळ्यांनी माना आखडून घेतल्या. इळंगोने तर डोळेच मिटले.

"माझ्या दारात उभं राहून खोटं बोलला असता तर तंगडी मोडली असती," गौंडर म्हणाले. "तंबूत बोललात, म्हणून सोडतो." मग घसा खाकरून, त्याच्याकडे न बघता, बायकोला म्हणाले, "पावायी, घरी जाऊन चूल पेटव. पुरण शिजव, ओप्पुट्टु कर. जावई रात्रभर प्रवास करून आलेत, उपाशी असतील."

कनाती वर झाल्या. झळझळीत ऊन आत आलं, लोक डोळे चोळत, एकमेकांना ढोसत बाहेर पडू लागले. इळंगो मात्र होता तिथेच होता. जगातली प्रत्येक बारीक गोष्ट टिपून ठेवणारा तो माणूस, पण आत्ता काय घडलं ते त्याच्या डोक्यात शिरतच नव्हतं. जावई हा शब्द नक्की कुणाला उद्देशून होता, हे बघायला त्याने एकदा मागेही वळून पाहिलं.

मरगदम बायकांच्या घोळक्यातून निघाली आणि त्याच्याजवळ येऊन थांबली. दोरा नीट छातीवर घेतला.

"चला," ती म्हणाली.